भुरीचं बाळंतपण

आमच्या हुडकेश्वरच्या गल्लीत कधी आलात, तर खेळणाऱ्या पोरांच्या डोक्यांकडे बघा. एखादं डोकं मागून छान गोल, सोललेल्या नारळासारखं दिसलं, तर खुशाल समजा की ते गोपिकाबाईंच्या हातचं आहे. गल्लीतली निम्मी डोकी त्यांनीच घडवली. माझ्या नातवाचंही घडवलं. वरून फार सुरेख झालंय. आत काय भरायचं ते त्याच्या आईबापानं बघावं.

गोपिकाबाईंचा धंदा बाळंतिणीचा. शेक, मालिश, बाळाचं अंग चोळणं, टाळू भरणं, कडेवर घेऊन ओव्याचा वास देणं, सगळं. बाई अंगानं एवढीशी, पण हात बघाल तर पैलवानाचे. तिळाचं तेल वर्षानुवर्षं मुरून तळवे असे झालेत, की त्यांनी नुसता खांद्यावर हात ठेवला तरी माणसाला झोप येते. मला एकदा मानेत लचक भरली होती तेव्हा त्यांनी दोन बोटं टेकवली, आणि मी खुर्चीतच घोरायला लागलो असं पुष्पलता सांगते. पुष्पलता म्हणजे माझी बायको. मी गोष्ट सांगायला बसलो की ती आधी गॅसवरचं दूध उतरवून ठेवते. तिला अनुभव आहे.

गोपिकाबाईंचा एक नियम सांगून ठेवतो, कारण पुढे तो कामी येणार आहे. पूर्वी ही वस्ती म्हणजे चार घरं आणि बाकी शेतं. दवाखाना लांब. कुणाच्या घरी वेळ आली की लोक गोपिकाबाईंना हाक मारायचे. त्या तेलाची वाटी घेऊन जायच्या, बाईला धीर द्यायच्या, पाठ चोळून द्यायच्या. पण बाई अडली असं वाटलं, की वाटीवर झाकण. मग कुणी काही म्हणो. शेजारच्या अंजनाबाई पहिलटकरीण होत्या, तेव्हा त्यांची सासू हटून बसली. "गोपिका, पोट दाब न वं जरा, लेकरू सरकते." गोपिकाबाईंनी वाटी झाकली आणि उभ्या राहिल्या. "अडलीले मी हात लावत नाही. गाडी आना." सासूनं शिव्या घातल्या, गोपिकाबाई हलल्या नाहीत. शेवटी भाजीचा टेम्पो आला आणि अंजनाबाईंना मेडिकलच्या मोठ्या सरकारी दवाखान्यात नेलं. तिथे जन्मला तो धम्मानंद. आज गल्लीच्या तोंडाशी ऑटो लावतो. डोकं बघा त्याचं कधी, गोल.

तेव्हापासून आमच्याकडे 'वाटी झाकली' म्हणजे पुढे बोलायचं काम नाही, निघायचं.

तर अशा या गोपिकाबाईंना त्यांच्या मुलानं, जितेंद्रनं, रिटायर केलं. तो पुण्याला असतो. म्हणाला, "आई, गुडघे गेले तुझे, आता जमिनीवर बसून मालिश बंद." मुलाचं ऐकलं त्यांनी. पण गुडघे थांबले तरी हात कसे थांबतील? हातांना सवय माणसाच्या अंगाची. बाई दिवसभर फुलवाती वळत बसायच्या. इतक्या वळल्या की आमच्या देव्हाऱ्यात अजून पुरताहेत. मग कणकेच्या गोळ्याला मालिश. त्यांच्या घरच्या पोळ्या त्या दिवसांत जशा मऊ व्हायच्या तशा मी जन्मात खाल्ल्या नाहीत. हे जितेंद्रच्या लक्षात आलं असावं. दिवाळीत आला तेव्हा आईच्या सोबतीला पक्षी घेऊन आला. कॉकाटील जातीचा. अंगानं राखाडी, गालावर शेंदरी टिकली, डोक्यावर तुरा. दुकानदार म्हणाला म्हणे, नर आहे, शिट्टी शिकेल. रंगावरून गोपिकाबाईंनी नाव ठेवलं, भुऱ्या.

भुऱ्या शिट्टी काही शिकला नाही, पण गोपिकाबाईंच्या मांडीवर बसायला शिकला. आणि त्या बसल्या बसल्या मानेपासून शेपटीपर्यंत हात फिरवायच्या. सकाळी, दुपारी, टीव्हीवरच्या मालिका बघताना. भुऱ्या पाठ खाली करायचा, शेपटी उचलायचा आणि बारीक आवाजात कुरकुर करायचा.

"पाहा भाऊजी," त्या मला म्हणायच्या, "मालिश कशी समजते त्याले. डोळे मिटून राहिला."

"मिटणारच," मी म्हणायचो. "मी नव्हतो का घोरलो?"

संक्रांतीच्या सुमारास एका सकाळी मी अंगणात संत्री सोलत बसलो होतो. गोपिकाबाई पदर खोचून पळत आल्या. एवढ्या वर्षांत ती बाई पळताना मी पहिल्यांदा पाहिली.

"भाऊजी! पुष्पाबाई! या वं लवकर! भुऱ्या बाळंत झाला!"

पुष्पलता हातातलं उलथनं घेऊनच धावली. पिंजऱ्याच्या तळाशी एक पांढरं अंडं, चण्यामण्या बोरापेक्षा जरा मोठं. भुऱ्या त्याच्याकडे असा बघत होता की हे इथे कुणी ठेवलं.

"माय वं," पुष्पलता म्हणाली, "हा तर बाई निघाला."

"आता भुरी म्हणा," गोपिकाबाई म्हणाल्या. चेहरा असा उजळला होता, जणू घरातले सगळे दिवे लागले. मला तर वाटलं, बाईंची नोकरी परत मिळाली.

आणि ती मिळालीच. त्या दिवसापासून भुरीचं साग्रसंगीत बाळंतपण सुरू झालं. बाळंतिणीला अंधारी, उबदार खोली लागते, म्हणून पिंजऱ्यात छोटं मडकं टांगलं, आत जुन्या लुगड्याचे मऊ तुकडे, वरून ओढणीचा आडोसा. बाळंतिणीला पौष्टिक लागतं, म्हणून सूर्यफुलाच्या बिया, भिजवलेली डाळ, उकडलेल्या अंड्याचा बलक, आणि डिंकाच्या लाडवाचा चुरा. बाळंतिणीची पाठ दुखते, म्हणून मालिश दुप्पट. ओव्याची धुरीसुद्धा देणार होत्या. शेगडी पेटवली पण होती. माझी सून अश्लेषा नेमकी तेव्हा तिथे पोचली म्हणून वाचलं.

"काकू, पाखराले धूर सहन नाही होत," ती म्हणाली. ती शाळेत विज्ञान शिकवते.

"बरं, धुरी राहू दे," गोपिकाबाई म्हणाल्या. "शेक देतो मग नुसता."

अंड्याचं मात्र त्यांनी एक केलं. अंडं दिसलं की लगेच उचलायच्या. "याच्यातून काही निघनार नाही. नराशिवायचं हाय. उगाच बिचारीचा जीव गुंतते. दिसलंच नाही तर इसरून जाईल." आणि तुळशीच्या कुंडीत पुरायच्या. आम्हाला सगळ्यांना ते पटलं. कुणालाही पटेल.

भुरी विसरली नाही. तिनं एक दिवसाआड दुसरं दिलं. मग तिसरं. मग जरा थांबली, आणि आम्ही सुटलो म्हणेपर्यंत परत सुरू. गल्लीत लोक विचारायला लागले, "काय गोपिकाबाई, आज आहे का?" जसं काही दुधाचं केंद्र उघडलंय.

त्यावरून मला आमच्या पिपरीच्या शाळेतली कोंबडी आठवली, आणि मी ती गोष्ट सगळ्यांना सांगितली. गुरुजींची कोंबडी होती. वर्गात नकाशांची एक मोठी टोपली होती, तिच्यात जाऊन ती अंडं द्यायची. आम्ही पोरं रोज ते अंडं लंपास करायचो. गुरुजी आपले कोंबडीला दोष द्यायचे. कोंबडी बिचारी रोज नवं द्यायची, थांबायचं नाव नाही. मग शाळेला सुट्टी लागली. अंडी उचलायला कुणी नाही. टोपलीत ढीग झाला आणि कोंबडी खुडूक होऊन भारताच्या नकाशावर बसली. अंडी द्यायची एकदम बंद. सुट्टीनंतर आम्ही आलो तर बाई उठेना. गुरुजींनी त्या वर्षी भूगोल तोंडीच शिकवला.

सगळे पोट धरून हसले. गोपिकाबाईही हसल्या, आणि हसता हसता भुरीचं नवं अंडं उचलून पदराखाली घेतलं. आता सांगताना मला गंमत वाटते. उत्तर माझ्या तोंडून बाहेर पडून खोलीत उभं होतं, आणि आम्ही सगळे त्याला चहा विचारत होतो.

होळी जवळ आली तशी भुरी उतरली. छातीचं हाड हाताला लागायला लागलं. अंड्याचं कवच असं पातळ झालं की एक तर उचलतानाच बोटात दबलं. अश्लेषा म्हणाली, "काकू, धरमपेठेत पक्ष्यांचे डॉक्टर आहेत. एकदा दाखवून आणू. एवढी अंडी बरोबर नाही."

गोपिकाबाईंना ते लागलं. "बाळंतिणीले काय झालं ते मले डॉक्टरनं सांगावं? हजार पाठी गेल्या या हाताखालून. खान्यात कमी पडून राहिलं, बाकी काही नाही." आणि लाडवाचा चुरा वाढवला.

खरं सांगायचं तर त्यांना भुरीची काळजी होतीच, पण त्यापेक्षा भीती होती की डॉक्टर काहीतरी बंद करायला सांगेल. जितेंद्रनं एकदा बंद केलं होतं. आता हे एकच अंग उरलं होतं त्यांच्या हातांना.

मग ती सकाळ आली. गोपिकाबाईंनी हाक मारली नाही, तेव्हाच मला चुकल्यासारखं वाटलं. रोज या वेळेला भुरीशी बोलण्याचा आवाज यायचा. मी आणि पुष्पलता गेलो. भुरी दांडीवर नव्हती. पिंजऱ्याच्या तळाशी पिसं फुगवून बसली होती, लिंबाएवढी गोल. डोळे अर्धे. शेपटी श्वासागणिक वर-खाली. मधूनच अंग आवळून जोर करायची, आणि काही होत नव्हतं. समोर ठेवलेल्या दाण्याकडे बघतही नव्हती.

गोपिकाबाई पिंजऱ्यासमोर बसल्या होत्या. बाजूला तेलाची वाटी, कोमट केलेली. बोटं तेलात बुडलेली.

"अंडं अडकलं हाय," त्या हळूच म्हणाल्या. "हाताले लागते खाली. जरासं दाबलं तर..."

भुरीनं परत जोर केला आणि तोंड उघडून श्वास घेतला.

गोपिकाबाईंनी बोटं बाहेर काढली. पदराला पुसली. आणि वाटीवर ताटली ठेवली.

"पुष्पाबाई," त्या म्हणाल्या, "धम्मानंदले आवाज द्या."

मी जितक्या जोरात ओरडलो तितक्या जोरात पिपरीच्या शाळेतही कधी पाढे म्हटले नसतील. धम्मानंद तोंडात ब्रश घेऊन बाहेर आला.

"काय झालं गा काका?"

"वाटी झाकली!"

त्यानं ब्रश तिथेच नळावर ठेवला आणि ऑटोला चावी लावली. कोण अडलं, कुठे जायचं, काही विचारलं नाही. ते त्यानं रस्त्यात विचारलं. पेशंट पाखरू आहे हे कळल्यावर वळून बघितलं, पण वेग कमी केला नाही. फक्त गतिरोधक आला की असा हळू चढवायचा, जसं आत दही लावलंय. पिंजऱ्याला गोपिकाबाईंनी शाल गुंडाळली होती, कडेला कोमट पाण्याची बाटली. हात पिंजऱ्यावर होते, आत नव्हते.

"काकी," धम्मानंद म्हणाला, "माझ्या वेळीही असंच होतं का वं?"

"तू टेम्पोत होता. हे तर ऑटोत हाय," त्या म्हणाल्या. "तुझ्यापेक्षा मोठी असामी हाय." आवाज मात्र फाटलेला होता.

डॉक्टरचं नाव विहंग. आईबापानं नाव ठेवतानाच धंदा ठरवला असावा. तरणा पोरगा, बोलायला गोड, पण भुरीला बघताच कामाला लागला. फोटो काढला, हाडांचा काढतात तसा. अंडं आतच होतं, कवच पातळ. भुरीला कॅल्शियमचं इंजेक्शन दिलं, आणि एका काचेच्या पेटीत ठेवलं. आत ऊब आणि वाफेचा ओलावा.

"घरी कुणी पोट दाबलं का?" त्यानं विचारलं.

"नाही," गोपिकाबाई म्हणाल्या.

"तेल, एरंडेल, काही?"

"अडलीले मी हात लावत नाही."

"फार चांगलं केलं," डॉक्टर म्हणाला. "दाबलं की अंडं आत फुटतं. मग माझ्या हातातही काही राहत नाही. असं तळाशी फुगून बसणं, शेपटी हलणं, जोर करणं दिसलं की थांबायचंच नाही. त्याच तासाला निघायचं. तुम्ही निघालात."

आम्ही बाकावर बसलो. धम्मानंदनं गिऱ्हाइकं सोडून दिली आणि तोही बसला. तिथे एक बाई पोपट घेऊन आल्या होत्या. त्या पोपटानं धम्मानंदला बघून तीनदा "चल हट" म्हटलं, आणि कुणालाच हसू आलं नाही यावरून आमची अवस्था ओळखा. गोपिकाबाई मांडीवर हात ठेवून बसल्या होत्या. तळवे वर. रिकामे.

दुपार कलली तेव्हा आतून मुलगी आली आणि म्हणाली, "झालं. अंडं आलं. बाळंतीण बरी आहे." तिला आमच्या गल्लीचं काय माहीत, पण तिनं तोच शब्द वापरला. गोपिकाबाईंनी पदर डोळ्यांना लावला. धम्मानंदनं मला मिठी मारली. मग पोपटाकडे बघून म्हणाला, "तू हट."

मग डॉक्टरनं आम्हाला आत बोलावलं आणि एक एक विचारायला लागला. गोपिकाबाई सांगत गेल्या. मडकं, लुगडं, आडोसा, सूर्यफूल, बलक, लाडू. टीव्हीपाशी रात्री मालिका संपेपर्यंत दिवा. अंडं दिसलं की उचलायचं. आणि मालिश. डॉक्टरचे डोळे मोठे होत गेले.

"मावशी," तो शेवटी म्हणाला, "तुम्ही हिचं बाळंतपण नाही केलं. तुम्ही हिचं रोज लग्न लावलं."

"म्हणजे?"

"हे बघा. पाखरू केव्हा अंडं देतं? दिवस मोठा झाला, खायला भरपूर झालं, घरट्याला अंधारी जागा मिळाली, आणि जोडीदार मिळाला, की देतं. चारही गोष्टी तुम्ही दिल्या. मडकं म्हणजे घरटं. दिवा म्हणजे मोठा दिवस. वरून अंडं उचललं की तिला वाटतं, घरटं रिकामं, परत द्या. एकेक अंडं तिच्या हाडातलं कॅल्शियम घेऊन जातं. वर्षातून एखाददोन वेळा चार-पाच अंडी दिली तर ठीक. न थांबता देत राहिली, कवच पातळ झालं, वजन उतरलं, तर अडायची वाट बघायची नाही, तेव्हाच आणायचं."

"आन् जोडीदार?" पुष्पलतानं विचारलं. तिला नेमकं तेच ऐकायचं होतं. "नर तर नाही घरात."

डॉक्टर जरा घुटमळला. "पाठीवरून शेपटीपर्यंत हात फिरवणं हे पाखरांच्यात नवरा करतो. ती शेपटी उचलून कुरकुर करायची ना? ती मावशींना नवरा समजून राहिली."

गोपिकाबाईंनी स्वतःच्या दोन्ही हातांकडे बघितलं. मग पेटीतल्या भुरीकडे. आणि मग ती बाई जी हसायला लागली! हसता हसता खुर्चीचा हात धरला. "माय वं माय! जितेंद्रचे बाबा वरून पाहून राहिले असतीन! म्हनत असतीन, माझ्यामागं हे धंदे?"

घरी येताना पुष्पलता थांबायला तयार नाही. "नवरदेव, शाल नीट घ्या. नवरदेव, पिंजरा पकडा." धम्मानंदनं हॉर्न वाजवत वरात काढल्यासारखा ऑटो गल्लीत आणला.

पण हसणं वेगळं आणि करणं वेगळं. डॉक्टरनं सांगितलेलं घरात आणायचं तर सगळं उलटं करायचं होतं. मडकं काढलं. लुगड्याचे तुकडे काढले. पिंजरा टीव्हीपासून उचलून दुसऱ्या खोलीत, आतल्या दांड्यांची जागा बदलली. सूर्य मावळला की पिंजऱ्यावर कापड आणि दिवा बंद, म्हणून मालिका बघायला गोपिकाबाई आमच्याकडे येऊ लागल्या. लाडू बंद. मोजकं धान्य आणि पालेभाजी. कॅल्शियमसाठी डॉक्टरनं समुद्रफेन, म्हणजे समुद्रातल्या जिवाचं पांढरं ठिसूळ हाड, चोच मारायला टांगायला सांगितलं, आणि तिथे मात्र गोपिकाबाईंची मान वर झाली. ते त्यांना जडीबुटीच्या दुकानातून चांगलं ओळखीचं. दुकानात घेतलं, तरी लावण्याआधी डॉक्टरला फोनवर दाखवून विचारलं. हे मी मुद्दाम सांगतो, कारण महिनाभरापूर्वी त्यांनी विचारलं नसतं. हे सगळं करूनही अंडी सुरूच राहिली तर एक इंजेक्शन असतं, पण आधी घर सुधारू, असं डॉक्टर म्हणाला होता.

अंडी उचलायची नाहीत हे ऐकल्यावर मी टाळी वाजवली. "कोंबडी! नकाशा!" तेव्हा कुठे मला माझीच गोष्ट कळली. डॉक्टर म्हणाला होता, घरटं भरलं असं तिला वाटू द्या, खोटी अंडी ठेवली तरी चालतील. हे काम माझं. पिपरीच्या शाळेत भोवरे कोरायला शिकलो होतो. नातवाच्या तान्ह्या पोळ्यासाठी, म्हणजे पोरांच्या लाकडी बैलांच्या पोळ्यासाठी, नंदी कोरला होता, त्याचं लाकूड उरलं होतं. त्यातून मी अंडी कोरली. रंग नाही, पॉलिश नाही, नुसती घासून गुळगुळीत. मी सांगतो, अशी अंडी कोंबडीलाही जमणार नाहीत. भुरीनं त्या आठवड्यात अजून एक खरं दिलं. त्याच्याशेजारी कोपऱ्यात माझी मांडली. भुरीनं चोचीनं उलटीपालटी करून बघितली, आणि बसली. मला जो अभिमान वाटला तो नातवाच्या निकालालाही वाटला नव्हता.

सगळ्यात कठीण होतं ते हातांचं. मालिश बंद. डोक्यावर तुऱ्यापाशी बोटानं खाजवायचं, बस. पाठीला हात नाही. भुरी कापड काढलं की पिंजऱ्याच्या जाळीशी यायची, पाठ खाली करायची, शेपटी उचलायची, कुरकुरायची. आणि गोपिकाबाई हात स्वतःच्या मांडीखाली घालून बसायच्या. अक्षरशः हातांवर बसायच्या.

"रडून राहिली वं," एकदा त्या पुष्पलताला म्हणाल्या. त्यांचे डोळे भरले होते. "मी इतकी निष्ठुर कशी होऊ?"

"त्यात काय," पुष्पलता माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली. "आमच्या यायच्याकडून शिका न. चाळीस वर्ष झाले, पाठीवर हात फिरवला असन तर शपथ."

मी संत्रं सोलून दोघींना दिलं.

पण पुष्पलतानं नुसता टोमणा मारला नाही. दुसऱ्याच दिवशी ती गोपिकाबाईंना घेऊन कोपऱ्यावरच्या सरिताकडे गेली. सरिताला पंधरवड्यापूर्वी मुलगी झाली होती. आई गावाकडे आजारी, घरात कुणी मोठं नाही. मोबाइलवर बघून बाळाला तेल लावायची आणि भीतीनं दोघी रडायच्या. गोपिकाबाईंनी बाळ बघितलं, डोकं बघितलं, आणि म्हणाल्या, "हे असं चपटं राहू देनार का तुम्ही?" गुडघ्यांसाठी धम्मानंदनं दवाखान्यातल्यासारखं एक उंच टेबल बनवून आणलं. उभ्यानं मालिश. जितेंद्रला फोनवर सांगितलं तेव्हा तो म्हणाला, "आई, मी बंद करायला सांगितलं होतं." त्या म्हणाल्या, "तू बसून करू नको म्हटलं होतं. मी उभी हाय."

आता सकाळ बाळाची. हात दमून घरी येतात, म्हणून भुरीसमोर निवांत राहतात. भुरीला त्यांनी कागदाच्या सुरळीत दाणे लपवून द्यायला सुरुवात केली. ती फाडत बसते. तिलाही काम मिळालं.

भुरी माझ्या अंड्यांवर बसून राहिली. आम्ही रोज डोकावायचो. उठली तर पुढे काय, परत देईल की थांबेल, हाच सगळ्यांच्या मनात घोर. आणि एक दिवस ती उठली. दांडीवर जाऊन बसली, पिसं साफ केली, खाली बघितलंच नाही. दुसऱ्या दिवशी तेच. मी म्हटलं, थंडावली असतील, थोडी हलवून ठेवा. तिनं खाली येऊन एक अंडं पायानं बाजूला सारलं आणि त्याच्या मागचा बाजरीचा दाणा उचलला. माझ्या कलाकुसरीचा असा अपमान आजवर कुणी केला नव्हता, आणि सगळी गल्ली आनंदानं टाळ्या वाजवत होती.

तरी गोपिकाबाईंनी काही महिने कुणाला पेढा दिला नाही. उन्हाळा गेला, नागपंचमी गेली. अंडं नाही. छाती भरली. डॉक्टरनं वजन केलं, पंख उघडून बघितले आणि म्हणाला, "मावशी, नवरा सुधारला."

तान्ह्या पोळ्याच्या दिवशी नातू माझा लाकडी नंदी सजवून गल्लीत फिरायला निघाला. गोपिकाबाई दारात उभ्या होत्या, कडेवर सरिताची मुलगी. डोकं छान गोल होत आलंय. नंदीला ओवाळून झालं आणि त्यांनी पदरातून एक पुरचुंडी काढून माझ्या हातात ठेवली. आत माझी लाकडी अंडी, धुऊन, पुसून.

"घ्या भाऊजी, तुमची ठेव. आमच्या भुरीले आता नको."

"मग मी काय करू याचं?" मी म्हटलं.

मागून पुष्पलता म्हणाली, "बसा आता तुम्हीच त्याच्यावर. तेवढंच घटकाभर तोंड बंद राहीन."

आतल्या खोलीतून भुरीनं एक लांब शिट्टी घातली. दुकानदार अगदीच खोटं बोलला नव्हता.